आधीच्या बाईचं नाव

पाळण्यातल्या बाळाचं नाव आत्यानं पुकारलं आन् माझी पोरगी धावत आली.

भोकरदनला सरांच्या घरी बारसं होतं. सर म्हणजे रिटायर हेडमास्तर. त्यांच्याकडं धुणंभांडं, स्वैपाक सगळं माझ्याकडं. नात पुण्याची, पर बारसं इथंच पायजे हा सरांचा हट्ट. बायांनी गोविंद घ्या, गोपाळ घ्या केलं. सरांच्या लेकीनं बाळाच्या कानात कुर्र केलं आन् मोठ्यानं सांगितलं, "यशोधरा." मी आत घुगऱ्या वाढून राह्यले होते. माझ्या सहा वर्षांच्या पोरीला वाटलं, आपल्यालाच बोलावलं. ती ओल्या हातांनी, नव्या लुगड्यांच्या मधून वाट काढत थेट पाळण्याजवळ जाऊन उभी राह्यली. म्हणाली, "काय?"

सगळ्या हसल्या. एक पावणी म्हणाली, "सर, खरीच्या आधी डुप्लिकेट आली की बाजारात." मंग हसणं अजून वाढलं. सर बी हसले.

बाई हसल्या न्हाईत. बाई म्हणजे सरांच्या मिसेस. माझ्याकडं बघून बोलल्या, "गंगा, हिला आत घे. आन् हे नाव आता हिला लावू नको. एका घरात दोन नकोत."

माझी पोरगी सहा वर्षांची. पाळण्यातली दीड महिन्याची. तरी डुप्लिकेट माझी.

मी पोरीचा दंड धरला, आत नेलं. वरून "चुकलं बाई" म्हणाले. काय चुकलं ते आज बी सांगता येत न्हाई.

माझं नाव गंगा न्हाई.

आम्ही किनवटकडचे, बौद्ध. माझी शाळा सातवीत सुटली. लग्नानंतर नवऱ्याला भोकरदनच्या मोंढ्यात हमाली लागली, सरांच्या पुतण्याच्या आडतीवर. सरांनी वाड्याच्या मागची पत्र्याची खोली दिली, बदल्यात मी घरकाम करायचं. उपकार होते, मी खोटं बोलत न्हाई. परक्या मुलखात डोक्यावर पत्रा मिळाला होता. रोज सकाळी उठलं की पहिलं मनात यायचं, आज काही चुकलं तर हा पत्रा जाईल.

पहिल्याच दिवशी बाईंनी नाव विचारलं. मी सांगितलं. त्यांना चटका बसल्यासारखं झालं. माझं नाव त्यांच्या मेलेल्या सासूचं निघालं. सुनेनं सासूचं नाव तोंडातून काढायचं न्हाई, सासू मेली तरी न्हाई. बाई म्हणाल्या, "आधीच्या कामवालीचं नाव गंगा होतं. तोंडाला सवय झालीय. तेच राहू दे." तिचा खराटा मला मिळाला, खिडकीत वेगळा ठेवलेला तिचा कप मिळाला, तसंच तिचं नाव मिळालं. कप निदान मी घासून घेतला होता. ती तरी खरंच गंगा होती का, का तिला बी कुणाचं तरी उरलेलं मिळालं होतं, कुणाला ठाऊक.

पाच वर्षं मी गंगा होते. हाक आली की जल्दी उठायची. चुलीवरचं करपलं तरी चालंल, पर दुसरी हाक यायला नको.

आन् या घराचा मालक काय करून राह्यला होता? पुस्तक लिहून राह्यला होता. माणसांची नावं आन् आडनावं कुठून आली त्याचं. पावणे आले की सर सुरू व्हायचे. विलायतेत लोहाराचं काम तेच आडनाव. अरबांमधे पोराच्या नावावरून बापाला वळखतात. ब्रह्मदेशात आडनावच न्हाई. तेलंगणात घराचं नाव आधी, माणसाचं मंग. हे शेवटचं मला लहानपणापासून माहीत, आमच्या किनवटला शेजारी अर्धी वस्ती तेलुगूच. पर मला कोण विचारतं. मी साखर किती टाकायची ते विचारायची आन् आत जायची. "नाव हा माणसाचा पहिला हक्क आहे," असं एक वाक्य सरांनी लिहिलं होतं. ते पावण्यांना दोनदा वाचून दाखवायचे. मंग आत तोंड करून म्हणायचे, "गंगा, पाणी."

ब्रह्मदेशापर्यंत अभ्यास गेला. स्वैपाकघरापर्यंत आला न्हाई.

त्यात एक प्रकरण दगडू, धोंडू, कचरू असल्या नावांचं होतं. ते ऐकताना पावणे लई हसायचे. माझा बाप कचरू. त्याच्या आधीची दोन भावंडं गेलती, म्हणून आजीनं त्याला उकिरड्यावर लोळवलं आन् हे नाव ठेवलं. मरणाला वाटावं, कचराच हाये, नेऊन काय करायचं. मरण फसलं. गावानं मात्र ते नाव खरं धरलं. सत्तर वर्षांचा झाला तरी दहा वर्षांचं पोर त्याला "ए कचऱ्या" म्हणायचं. सरांच्या आज्याचं नाव धोंडीराम. त्याला कुणी धोंड्या म्हणालं का? सगळे धोंडीरामदादा म्हणायचे, सरच सांगायचे. दगडाला दादा आन् कचऱ्याला ए. हे त्या प्रकरणात कुठं आलं न्हाई.

माझ्या पोरीचं नाव त्या कचरूनं ठेवलं. विहारात ऐकलेलं, मनात जपून ठेवलेलं. म्हणाला होता, "हिला कुणी तोडून बोलवायचं न्हाई. पुरं नाव घ्यायचं." चार महिन्यांनी गेला. मागं त्यानं तेवढंच ठेवलं.

आन् आमच्या विहारातलं नाव सरांना आपल्या नातीसाठी सापडलं. सापडलं ते सापडलं, आम्ही टाकून द्यावं म्हणत होते.

जूनमधे पोरीला पहिलीत घालायचं होतं. तिच्या जन्माच्या दाखल्यावर नावाची जागा कोरीच राह्यली होती, नुसतं 'स्त्री' लिहिलेलं. म्हणजे शाळेच्या रजिस्टरला जे चढंल तेच जन्मभराचं. शाळेचा हेडमास्तर सरांचा विद्यार्थी. सरांनी स्वतः फॉर्म आणला, स्वतः भरला, मला बोलावलं. म्हणाले, "तुझ्या पोरीसाठी छान नाव काढलंय. कृतज्ञा. म्हणजे उपकार जाणणारी."

असलं नाव माणूस आपल्या नातीला ठेवत न्हाई.

मी "बरं सर" म्हणाले. फॉर्म घेऊन खोलीत आले. नवरा म्हणाला, "कागदावरचं कोण बघतं? घरात तू तुझं म्हण. आडत त्यांच्या पुतण्याची हाये, ध्यानात ठेव." त्याचं बी बराबर होतं. मी फॉर्म घडी करून भिंतीवरच्या फोटोच्या मागं खोवला.

दुसऱ्या दिवशी दुपारी पोरीला जेवायला हाक मारली. यशोधरा. ती दारातच बसली होती, वळली न्हाई. परत हाक मारली. मंग माझ्याकडं न बघता म्हणाली, "आई, ते बाळाचं नाव हाये. मी आता दुसरी हाये. ते काय ते, मला म्हणता येत न्हाई."

मी ताट खाली ठेवलं.

फॉर्म काढला. अक्षर अक्षर लावत वाचला, सातवीपर्यंतचं वाचन तेवढं उरलंय. मुलीचं नाव, कृतज्ञा. वडिलांचं नाव बराबर. खाली आईच्या नावाचा रकाना. तिथं सरांच्या वळणदार अक्षरात लिहिलं होतं, गंगा.

मुद्दाम न्हवतं लिहिलं. तेच जास्त लागलं. माणूस सहज लिहून गेला होता.

सर ओसरीवर पेपर वाचत बसले होते. मी फॉर्म त्यांच्यापुढं धरला. म्हणाले, "सर, फॉर्म चुकलाय. आईचं नाव."

त्यांनी चष्मा लावला. "गंगा. बरोबर तर आहे."

"माझं नाव गंगा न्हाई, सर. माझं नाव काय, सांगा."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. मंग आत बघून विचारलं, "अगं, हिचं नाव काय गं?"

बाई दारात आल्या. त्यांना माहीत होतं. तोंडावर दिसत होतं. पर त्यांना बोलता येत न्हवतं. पदर सावरून घेतला.

मी म्हणाले, "बाईंना रीत आडवी येते. तुम्हाला न्हाई. तुमच्या आईचं नाव घ्या, सर. तेच माझं."

सरांनी पेपरची घडी केली. परत उलगडली. नाव घेतलं न्हाई. जगभरची नावं त्या तोंडातून निघायची, आन् आईचं एक नाव माझ्यासमोर, माझ्यासाठी, निघंना. शेवटी म्हणाले, "एका नावावरून एवढं? आम्ही काय कमी केलं तुमच्यासाठी?"

"तुम्ही तर अख्खं पुस्तक लिहिलंय नावावरून," मी म्हणाले. तो फॉर्म त्यांच्या पेपरवर ठेवला.

शाळेतून कोरा फॉर्म मागून घेतला. तिथंच बाकावर बसून भरला. अक्षर वाकडं आलं, येऊ दे. क्लार्कनं वडिलांचं नाव मोठ्यानं सांगायला लावलं. नवऱ्याचं नाव तोंडातून काढायचं न्हाई ही रीत मी बी पाळत आल्ते. बाईंना हसण्याआधी मला माझं बघायला पायजे होतं. काढलं. काही झालं न्हाई, छत पडलं न्हाई. मुलीचं नाव, यशोधरा. आईचं नाव, माझं.

पत्रा गेला. आठ दिवसांत आडतीवरची हमाली बी गेली. आता नवरा शहागडला हायवेवर ट्रक भरतो. मी भोकरदनमधेच भाड्याच्या खोलीत पोरीला घेऊन राहते, कारण तिचं नाव या शाळेच्या रजिस्टरला चढलंय आन् ते मला तिथून हलवायचं न्हाई. तो पंधरा दिवसांनी येतो. माझ्याशी कमी बोलतो.

परवा बाजारात मागून आवाज आला. गंगा. मी भाजी निवडत राह्यले. गंगा, अगं गंगा. बाईंचा आवाज, कामाला माणूस मिळत नसंल. तिसरी हाक आली तरी मी मान वळवली न्हाई. माझं नाव त्यांना पाठ हाये. सासूचं नाव घ्या म्हणावं, भर बाजारात, मोठ्यानं. तवा वळते.