हळदीनं अडवलेली घटका

आमच्या तरुणपणी कुरुंद्यात घड्याळ एकच होतं. ते चावडीतल्या पेटीत कुलपाआड, आणि किल्लीवाला माणूस वसमतला. गावाची वेळ चालवत ते पंडितजी. हैदराबादला शिकून आलेले, फारसी-संस्कृत दोन्ही वाचणारे. निजाम सरकारच्या वसुलीचं फसली, हिजरी आणि शक या तिन्ही सालांचा मेळ बोटांवर घालून देत.

चावडीपुढच्या फरशीत त्यांनी लोखंडी सळई रोवली होती. तिच्या सावलीच्या रेघा आठ वर्षं, ऋतूमागून ऋतू, छिन्नीनं कोरल्या होत्या. त्या रेघांवर शाळा भरे, विहिरीवर मोटेच्या पाळ्या बदलत. ढगाळ दिवसासाठी तांब्याची वाटी होती, तळाला बारीक भोक असलेली. पाण्यावर सोडली की हळूहळू भरून बुडे. बुडली की एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटं. ती कलईगर चाचांनी घडवली होती.

माझ्या लग्नात मी त्या वाटीशी लबाडी केली आणि ठपका पंडितजींवर आला. तो उतरवायला मला सारा जन्म लागला.

लग्न आमच्या दारी होतं, मुहूर्त भर दुपारचा. नवरी साखऱ्याची, बाप नसलेली, मामानं वाढवलेली. मामा मागून येत होता आणि वाटेत त्याच्या गाडीचा आस मोडला. शेवटची घटका मांडायची वेळ आली तरी मामाचा पत्ता नाही. आतून निरोप आला, "मामा पाठीशी असल्याबिगर मी पाटावर उभी ऱ्हानार न्हाई."

माझे वडील, आबा, तापले. "मुहूर्त टळला तर हे लग्न न्हाई. वऱ्हाड आलं तसं माघारी जाईल."

नवरी पाहायला गेलो होतो तेव्हा माझ्या हातून लाडू घरंगळून थेट उखळात पडला होता. मोठी माणसं गप्प बसली, ती एकटीच हसली. मला तीच पाहिजे होती.

शेवटची वाटी नवरदेवाच्या हातानं पुसून घ्यायची, ही पंडितजींचीच रीत. शेजारच्या ताटात तेलात कालवलेली हळद उरली होती. वाटी पुसता पुसता मी अंगठ्यानं ती भोकात खालून दाबली. पंडितजींनी वाटी घंगाळात सोडली आणि ते सावली बघायला चावडीकडे गेले.

थोड्या वेळानं धावतच आले. "रेघ ओलांडली! वेळ गेली!"

सगळे घंगाळात वाकले. वाटी आरामात तरंगत होती.

"सावली ढगात दगा देते, वाटी देत न्हाई, हे तुमीच सांगता ना?" आबा म्हणाले.

कलईगर चाचा मागून म्हणाले, "दो बीव्यां करे सो यही होता, पंडितजी! एक बोलती वखत गया, एक बोलती बैठा है!"

मांडव हसून लोटपोट. तेवढ्यात मामा आला, डोक्यावर गाठोडं, गुडघ्यापर्यंत धूळ. नवरी पाटावर उभी राहिली. हळद सुटली, वाटी बुडली, अक्षता पडल्या.

चौथ्या दिवशी विहिरीवर कुजबुज सुरू झाली. "रेघेनं मुहूर्त गेला होता म्हनं. आता बघा काय काय होतं त्या घरात." बोट माझ्या बायकोकडे होतं. मी पंडितजींकडे गेलो आणि सगळं सांगून टाकलं.

त्यांनी वाटी उजेडाकडे धरून भोक न्याहाळलं. मग म्हणाले, "तेल करडईचं का जवसाचं?"

"करडईचं."

त्यांनी मला परत हळद दाबायला लावली आणि स्वतः मोजत बसले. "पाऊण घटका जास्तीची! माझी सारी हयात काळ मोजण्यात गेली, आणि तू अंगठ्यानं अडवून दाखवला!" त्यांना इतकं खूश झालेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

"मी गावाला सांगतो," मी म्हणालो. पण हळूच म्हणालो.

"सांगशील, आणि त्या पोरीला जन्मभर ऐकावं लागेल. लेकराला ताप आला तरी तिचाच मुहूर्त काढतील."

दुसऱ्या दिवशी चावडीत ते सगळ्यांपुढे बोलले, "वाटी बराबर होती. माझ्या रेघा चुकल्या." मी खांबाला टेकून उभा होतो. कुजबुज थांबली. रेघांकडे बघणंही थांबलं. चाचांच्या वाट्यांना मात्र पार सिद्धेश्वर गावापर्यंत गिऱ्हाईक मिळालं. मोटेच्या पाळ्या पुन्हा अंदाजानं आणि भांडणानं चालू झाल्या. सळईला कुणीतरी शेळी बांधू लागलं.

पंडितजी त्यावरही हसत. "शेळी दुपारी बराबर ओरडते, मी शिकवलंय तिला." निजामी गेली तेव्हा म्हणाले, "सरकारनं अख्खं फसली साल पुसलं, माझ्या रेघांचं काय घेऊन बसलास?" त्यानंतर ते फार दिवस जगले नाहीत.

त्यांनीच गप्प राहायला सांगितलं, असं मी स्वतःला सांगत आलो. खरं म्हणजे मला गप्पच राहायचं होतं. तिला कुणी बोलू नये हे खरं, पण मला कुणी हसू नये हेही तेवढंच खरं.

मागच्या महिन्यात बायकोला सांगितलं. ती पोट धरून हसली. मग एकदम थांबली.

"आन त्या मानसाच्या सळईला शेळी बांधू दिली तुमी? काहून?"

तिनं काठी घेतली आणि मला चावडीवर नेलं. फरशी अजून तिथंच आहे. सळई गेली, भोक उरलं आहे. तिनं पदरानं फरशी पुसली, भोकात काठी उभी धरली आणि माध्यान्हीपर्यंत उन्हात उभी राहिली. लोक जमले. सावली आखूड होत होत सरकली, आणि सगळ्यात आखूड झाली तेव्हा नेमकी माध्यान्हीच्या रेघेत येऊन बसली, केसभरही इकडेतिकडे नाही.

"बराबर हाय," ती म्हणाली. "आता सांगा ह्यांना."

आणि मी सांगितलं.