लेकीचा पासपोर्ट
देवापुढं काडी ओढली की गंधकाचा वास येतो आणि मला कतारमधला तो शुक्रवार आठवतो. वर्ल्डकपची स्टेडियमं उभी राहत होती, मी तिथं शटरिंगचा सुतार होतो. माझी लेक ज्वालामुखींवर नजर ठेवणारी शास्त्रज्ञ. एका डोंगरावरून दुसऱ्यावर निघालेली, वाटेत दोहाला मला भेटायला उतरली. आमच्या मजुरांच्या कॅम्पाबाहेरच्या कॅफेटेरियात आम्ही करक, म्हणजे तिकडचा कडक दुधाळ चहा, घेत बसलो, सोबत माझ्या खोलीतला सांगलीकडचा गडी होता. तिच्या जाकिटाला असाच वास येत होता. "पेटत्या डोंगरावर बाईमाणसाचं काय काम?" मी म्हणालो. "आबा, पायथ्याला गावं आहेत. माणसं कधी हलवायची, ते आमची यंत्रं सांगतात." मी चौथी शिकलेला, पण बाप. ती हात धुवायला गेली तशी मी तिच्या पिशवीतला पासपोर्ट काढून सदऱ्याखाली खोचला. विमानाची वेळ झाली. तिनं पिशवी टेबलावर उपडी केली, रडकुंडीला आली, आणि मीही वाकून टेबलाखाली शोधल्यासारखं करत होतो. शेवटी तो गडीच म्हणाला, "कंपनीनं आपले पासपोर्ट कपाटात कोंडले तेव्हा शिव्या घालत होतास. आता तूच मालक झालास व्हय?" मी पासपोर्ट काढून दिला. घामानं ओला झालेला. तिनं तो बाहीला पुसला, माझ्या पाया पडली आणि टॅक्सीत बसली. चुकलो, एवढं म्हणायला तेव्हा जमलं नाही, अजूनही जमलेलं नाही. ती दर आठवड्याला फोन करते, सगळं सांगते; फक्त डोंगरावर जायचं असलं की तिथं पोचल्यावरच कळवते.