चढणीवरची टिकटिक

माझं वजन तेव्हा ब्याण्णव किलो होतं, आणि पेडण्याच्या अख्ख्या बाजारात त्याची कदर करणारा माणूस एकच होता, शिवदास मेस्त्री. बाकीचे चिडवायचे. शिवदासच्या गॅरेजात मात्र एखादी जुनी पेट्रोल गाडी टायमिंगला आली, की शाळेत मला निरोप यायचा, मास्तरांनी सुटल्यावर यावं, चढणीवर जायचंय. मी जायचो. मुलांना बेरजा शिकवून जे समाधान मिळत नसे, ते त्या मागच्या सीटवर नुसतं बसून मिळायचं, हे आता सांगायला हरकत नाही.

टायमिंग म्हणजे काय हे मला त्यानंच समजावलं. इंजिनात पेट्रोल आणि हवा दाबली जाते आणि तिथं नेमक्या क्षणी ठिणगी पडावी लागते. ठिणगी उशिरा पडली तर गाडी मरगळते, ओढत नाही, नुसतं पेट्रोल पिते. लवकर पडली तर पिस्टन अजून वर यायचाच असतो, आणि भडका त्याच्या डोक्यावर आदळतो. तेव्हा इंजिनातून बारीक टिकटिक येते, कढईत मोहरी तडतडावी तशी. ही ठिणगी वाटून देणारी काळ्या टोपीची एक डबी असते, मेस्त्री लोक तिला डेल्को म्हणतात. तिचा बोल्ट सैल करायचा, डबी तीळभर इकडे किंवा तीळभर तिकडे फिरवायची, बोल्ट आवळायचा. एवढंच काम. पण तो तीळ कुठे थांबवायचा, हे कळायला जन्म जातो.

पुस्तकात खुणा दिलेल्या असतात. शिवदास आधी त्या खुणेवरच लावायचा, तारेला छोटा बल्ब जोडून तपासायचा. मग पुस्तक बाजूला ठेवायचा. त्याचं म्हणणं, पुस्तकवाल्यांचं पेट्रोल वेगळं आणि त्यांनी मालप्याची चढण पाहिलेली नाही. रिकामी गाडी गॅरेजात गोडच बोलते, तिचा खरा स्वभाव कळतो तो माणसं भरून चढणीला लावल्यावर. म्हणून तो गाडीत माणसं भरायचा. पुढे तो आणि गाडीचा मालक. मागे डावीकडे मी, उजवीकडे चहाच्या हॉटेलचा सगुण, जो वजनात माझ्याहून फार मागे नव्हता, आणि आम्हा दोघांच्या मधे शिवदासची बायको देवकी. डिकीत वाळूच्या दोन गोणी. तिसऱ्या गिअरमध्ये चढणीवर पाय दाबला की एक-दोनदा टिक व्हावं आणि मग गप्प, हे त्याचं माप. तसं झालं नाही तर वर गाडी थांबवून डबी तीळभर फिरवायची, खाली उतरायचं, पुन्हा चढायचं. कधी तीन फेऱ्या, कधी सात.

आणि एक शिस्त होती. पायथ्याच्या मोरीपासून वरच्या वडापर्यंत कोणी बोलायचं नाही. खोकला आला तरी गिळायचा. एकदा सगुण शिंकला तर शिवदासनं सगळी फेरी बाद धरली होती. देवकीचं बरं असायचं. ती मांडीवर अबोलीची फुलं घेऊन मान खाली घालून वळेसर, म्हणजे गजरे, करत बसायची. चढण असो की उतार, तिचा दोरा चालूच.

शिवदास मूळचा बांद्याकडचा. गोवा मुक्त झाल्यावर एकोणिसाव्या वर्षी डिचोलीच्या खाणीवर कामाला आला आणि दहा वर्षं तिथल्या वर्कशॉपमध्ये ट्रक दुरुस्त करत राहिला, दगड फोडणाऱ्या यंत्राच्या शेजारी. तिथं माणसं एकमेकांशी हातवाऱ्यांनी बोलायची म्हणे. पण ट्रक डिझेलचे, आणि डिझेलच्या इंजिनात ठिणगीच नसते. शिवदासला त्यात रस नव्हता. खाण सोडून त्यानं पेडण्यात पत्र्याची शेड घातली आणि पेट्रोलच्या गाड्या धरल्या. वाळपईपासून लोक त्याच्याकडे गाड्या आणायचे. तोही खुशीत, आम्हीही खुशीत.

मग आलं भाषेचं भांडण. राजभाषा मराठी की कोंकणी, यावरून शहाऐंशी साली सगळा गोवा पेटला होता, तिथं आमची मागची सीट कशी सुटणार? मी मराठी शाळेचा मास्तर, माझी बाजू सांगायलाच नको. सगुण कोंकणीवाला. खरं तर घरी आम्ही दोघंही बायकोशी एकाच बोलीत भांडायचो, पण ते लक्षात कोण घेतो! गॅरेजपासून मोरीपर्यंत आम्ही देवकीच्या डोक्यावरून एकमेकांना सुनवायचो, मोरी आली की गप्प, वड आला की राहिलेलं वाक्य पुढे चालू. शिवदास म्हणायचा, त्या साली गोव्यात जिथं भाषेवरून कोणी भांडत नाही असा रस्ता तेवढाच उरला होता.

सत्त्याऐंशीच्या फेब्रुवारीत राजभाषेचा कायदा झाला. त्यानंतर सगुण असं काही बोलला आणि मी त्याला असं काही बोललो, की आम्ही अबोला धरला. काय बोललो ते लिहीत नाही, दोघांनाही शोभणारं नव्हतं. चढणीवर मात्र दोघंही जायचो, मेस्त्रीला नाही कसं म्हणणार? मी डावीकडच्या खिडकीतून बाहेर बघत बसायचो, तो उजवीकडच्या.

शिगमोच्या, म्हणजे होळीच्या, सुमारास विठूची ॲम्बेसिडर आली. विठू म्हापशाला टॅक्सी चालवायचा, सहाच्या जागी नऊ माणसं कोंबून. त्याची गाडी आम्ही तीनदा चढणीवर नेली. तिसऱ्या फेरीलाही टिकटिक येत होती. एक-दोनदा नव्हे, मोरीपासून जवळजवळ वडापर्यंत. मी ती स्वच्छ ऐकली. वर पोचल्यावर शिवदासनं समोरच्या आरशात एकदा पाहिलं, मान हलवली आणि गाडी वळवून बाजारात आणली. झालं, म्हणाला.

मी गप्प बसलो. मेस्त्रीला कळत नाही आणि मला कळतं, असं म्हणणारा मी कोण? शिवाय शिस्त होती. आणि खरं कारण असं, की तोंड उघडलं तर सगुणशी बोलल्यासारखं होईल असं मला वाटलं. सगुणनंही नंतर हेच कबूल केलं. विठूला टिकटिक कळायला हवी होती, पण त्यानं गाडीत नवा टेपरेकॉर्डर बसवला होता आणि भजनांच्या आवाजात त्याला स्वतःचा हॉर्नही ऐकू जात नसे.

महिन्याभरानं मुंजीची माणसं घेऊन जाताना धारगळच्या पुढे ती गाडी निळा धूर सोडून बसली. माणसं बसनं गेली, मुंज काही चुकली नाही. गाडी दोर बांधून शिवदासच्या दारात आली. त्यानं इंजिन उघडलं, तर एका पिस्टनच्या डोक्याला बोराच्या बीएवढं भोक. मेस्त्री लोकांना हे पेट्रोलातल्या भेसळीवर ढकलता येतं. शिवदासनं ढकललं नाही. नवा पिस्टन मी आणून बसवून देतो, एवढंच विठूला सांगितलं आणि शेडचं दार ओढून घेतलं.

आठ दिवस गॅरेज बंद. बाजारात कुजबुज, मेस्त्रीचा हात गेला. मला झोप लागेना. नवव्या दिवशी शाळा सुटल्यावर त्याच्या घरी गेलो. तो अंगणात बसला होता आणि तो पिस्टन समोरच्या पाटावर ठेवला होता. देवकी तुळशीपाशी फुलं निवडत होती. मला बघून शिवदास म्हणाला की तुयेच्या एका कारखान्यात वॉचमनची जागा आहे, तिथं विचारून आलोय.

मी सगळा धीर गोळा करून म्हणालो, "मेस्त्री, त्या दिवशीची टिकटिक मी ऐकली होती."

तो माझ्या तोंडाकडे बघत राहिला. मग म्हणाला, "परत उलयात, मास्तर. मोट्यान."

तेव्हा माझ्या लक्षात आलं, त्याला ऐकूच गेलं नव्हतं. स्वतःची चूक एकदा कबूल करणं जड, आणि मला ती शेजारपाजार ऐकेल अशा आवाजात दुसऱ्यांदा कबूल करावी लागली. शेजारच्या खिडकीत दोन डोकी आली. ती टिकटिक मी ऐकली होती! अजूनही आठवलं की कान गरम होतात.

शिवदासला राग आला नाही. तो हसला, थोडं ओशाळून. "माका खबर आसा," तो म्हणाला. "बारीक आवाज माका दोन वर्सां झाली आयकाक येणत नात. आरशात तुमची भुवय बघून टायमिंग लायतां मी. टिक झाली की ती उडता. त्या दिसा तुमी दोगांयनी तोंडां भायर केल्ली."

दोन वर्षं तो माणूस माझ्या भुवईवर गाड्या लावत होता, आणि मी समजत होतो की तिथं मला वजनासाठी बोलावतात. सत्त्याऐंशीच्या त्या फेऱ्यांत आरशात त्याला माझा नि सगुणचा एकेक कान दिसला असेल, आणि मधे देवकीच्या केसांतला भांग. भुवई दिसेना, म्हणजे टिक नाही, असं धरून तो प्रत्येक फेरीला डबी आणखी पुढे सरकवत गेला आणि शेवटी अंदाजानंच झालं म्हणाला. भाषेच्या नावानं आम्ही दोघांनी काय साधलं ते देव जाणे, पण विठूच्या पिस्टनला भोक मात्र पाडलं. मला फार वाईट वाटलं आणि मी ते त्याला सांगितलं. तो म्हणाला, तुमचा काय दोष, बहिऱ्यानं गॅरेज चालवूच नये.

देवकीनं सूप खाली ठेवलं. इतक्या वर्षांत मी तिला चार वाक्यं सलग बोलताना ऐकलं नव्हतं. ती त्याच्या समोर येऊन उभी राहिली, त्याला तिचे ओठ दिसतील अशी.

"वॉचमन जातले? चोर आयलो तर आयकतलो कोण?" ती म्हणाली. "पयल्या फेरयेकच माका ती टिकटिक आयकाक आयली. तुमची शिस्त, म्हणून उलयलंय नाय. बारा वर्सां त्या सीटार बसतंय मी. माजे कान आसत मू."

शिवदासनं पाटावरचा पिस्टन उचलून हातात फिरवला. मग हळू आवाजात म्हणाला, "लोक हसतले."

"हसूंदी," ती म्हणाली आणि फुलांकडे परत गेली.

नवा पिस्टन बेळगावहून आला. शिवदासनं इंजिन जोडलं, चार दिवस सावकाश चालवून ते रुळू दिलं, आणि मे अखेरीला आम्हाला निरोप आला. गोव्याला घटक राज्याचा दर्जा मिळणार म्हणून बाजारात पताका लागल्या होत्या. मी गॅरेजवर पोचलो तर सगुण आधीच येऊन उभा. शेवटी त्यानं चहा घेतला का विचारलं, मी घेतला म्हणालो, आणि तेवढ्यावर तीन महिन्यांचा अबोला मिटला. बसताना मात्र घोळ झाला. देवकी मागे आमच्या मधे बसेना. तिनं विठूला मागे पाठवलं आणि स्वतः पुढे, शिवदासच्या शेजारी बसली. पहिल्यांदाच तिच्या मांडीवर फुलं नव्हती.

मोरी आली. आम्ही गप्प. देवकीनं उजवा हात सरळ नवऱ्याच्या खांद्यावर ठेवला. बायकोनं भर दिवसा चारचौघांत असं करण्याची पेडण्यात रीत नव्हती, विठू खिडकीबाहेर बघायला लागला. गाडीनं चढण धरली, टिकटिक सुरू झाली आणि देवकीचं बोट खांद्यावर वाजू लागलं. एक, दोन, तीन, चार, पुढे मोजता येईना. वर शिवदास उतरला, बॉनेट उघडलं, डबी फिरवली. दुसऱ्या फेरीला बोट पाच वेळा वाजलं. मी आणि सगुण अगदी शहाण्या मुलांसारखे सरळ समोर बघत होतो, न जाणो भुवई लागली तर. पण शिवदासनं आरशाकडे एकदाही पाहिलं नाही.

तिसऱ्या फेरीला मोरी ओलांडल्यावर त्यानं पाय दाबला. बोट एकदा वाजलं, दोनदा वाजलं आणि थांबलं. इंजिनाचा आवाज नुसता घट्ट आणि भरलेला, नऊ माणसं घेऊन इब्रामपूरपर्यंत खुशाल जाईल असा. वडाखाली शिवदासनं गाडी उभी केली आणि तिच्याकडे वळून विचारलं, "आतां?"

"आतां बरी," देवकी म्हणाली.

मागे विठूनं सुटकेचा श्वास टाकला. मी आणि सगुण एकदम बोलायला लागलो, आणि कुठल्या भाषेत ते आम्हा दोघांच्याही लक्षात आलं नाही. शिवदासनं गाडी वळवली. चढण संपली होती, आता ऐकण्यासारखं काही उरलं नव्हतं. तरी देवकीनं खांद्यावरचा हात काढला नाही, आणि पताकांखालून भर बाजारातून गाडी गेली, लोक वळून बघू लागले, तेव्हाही त्यानं तो काढायला सांगितलं नाही.