घरचा गंधार
पियानो सुरात लावणं हा तिचा धंदा, आणि त्यात तिचा हात धरणारं शहरात कुणी नव्हतं. हे ती स्वतःच सांगायची, त्यामुळे वेगळी चौकशी करावी लागत नसे. बाबा तरुणपणी या परक्या देशात आले ते एक बॅग आणि आजोबांची पेटी घेऊन. आठवडाभर कारखान्यात बोल्ट आवळायचे, रविवारी पेटीवर गायचे. ती जन्मली इथेच. तिच्या बँडमध्ये पियानो ती वाजवायची, सॅक्सोफोन मैत्रीण. शनिवारच्या कार्यक्रमात बाबांनी गावं म्हणून दोन वर्षं भुणभुण लावल्यावर म्हातारा एकदाचा हो म्हणाला होता.

पण पेटी पियानोशी जुळेना. गंधार उतरलेला. वयच झालंय पेटीचं, असं ठरवून बाईंनी बाबांच्या दुपारच्या झोपेत ती खोलली, आतली पितळी पाती टोकाशी घासली आणि गंधार सूर मोजायच्या यंत्राच्या काट्यावर आणून ठेवला.

बाबांनी उठल्यावर एक ओळ वाजवली आणि भाता मिटला.

"गंधार कुणी चढवला?"

"मी. उतरला होता, बाबा."

"उतरला नव्हता. माझ्या वडिलांनी तो तिथेच लावला होता. शनिवारी तुमचं तुम्हीच वाजवा."

ती शरमेने काळवंडली. गावभरचे सूर लावत हिंडणारीला घरचा सूर कळला नव्हता.

पण हातपाय गाळून बसणाऱ्यातली ती नव्हे. सकाळी पेटी उघडून ती बाबांच्या समोर ठाण मांडून बसली.

"गंधार म्हणून दाखवा."

तासाभराने कंटाळून त्यांनी म्हटला. ती पातं आता मुळाशी घासत गेली. "अजून खाली," बाबा म्हणत होते. मग म्हणाले, "बास." यंत्र तिने बॅगेतून काढलंच नाही. गाण्याचं मात्र बाबा काही बोलले नाहीत.

शनिवारी ती पेटी घेऊन चार तास आधी हॉलवर गेली आणि पियानोचे सगळे गंधार उतरवले.

"अगं, लोक तुझाच पियानो बेसूर म्हणतील," मैत्रीण म्हणाली.

"म्हणू देत. सॅक्सोफोनचा सूर तू ओठांनी सांभाळून घे."

बाबा आले ते पहिल्या रांगेत बसले. मंचावर पेटीमागची जागा रिकामीच होती. तिने त्यांच्या गाण्याची पहिली ओळ वाजवली आणि गंधारावर थांबली. बाबांनी मान वर केली. मग ते उठले. पायऱ्या चढायला त्यांना वेळ लागला, तेवढा वेळ ती तोच गंधार वाजवत राहिली.