सोरेनच्या गोळ्या, सोरेनचा पगार

अमेरिकेत मिनेसोटातल्या एका गावात मार्लिस होग्लंड शाळेच्या स्वयंपाकघरात कामाला होती. नवरा सोडून गेल्यावर सोरेनला तिनं एकटीनंच वाढवलं. पोराची समज थोडी कमी, त्यात फिट्स यायच्या. औषधपाण्याचं सगळं तीच बघायची. मग सोरेन अठरा वर्षांचा झाला. गोळ्यांनी झोप येते म्हणून त्यानं त्या संडासात टाकल्या आणि तो कामाला होता त्या दुकानात ट्रॉल्या ढकलता ढकलता कोसळला. हॉस्पिटलातली नर्स मार्लिसला म्हणाली, "तो आता सज्ञान आहे. त्यानं हो म्हटल्याशिवाय तुम्हाला काही सांगता येणार नाही."

म्हणून आज ती कोर्टात आली होती.

"दोन्ही मागू या," बाकावर टेकत ती वकीलबाईंना म्हणाली. "गार्डियन आणि ते दुसरं, कॉन्झर्व्हेटर. एकदाचं होऊन जाऊ दे."

"दोन्ही एकच नाहीत हो," पेल्टियरबाई म्हणाल्या. "गार्डियन माणसाचं बघतो. औषध, डॉक्टर, कुठं राहायचं ते. कॉन्झर्व्हेटर त्याच्या पैशाचं. पैशात काही घोळ केलाय का यानं?"

"केला नाही. करेल."

सोरेन शेजारीच होता. "म्हणजे पगारपण घेणार तू?"

"घेणार नाही रे. सांभाळणार."

"तो ड्रिलसाठी आहे." गोठलेल्या तळ्यावर मासे धरायला, बर्फाला भोक पाडायचं ड्रिल. त्यासाठी गेला हिवाळाभर तो साठवत होता. "गोळ्या तू बघ, आई. मी परत टाकीन, मला माहितेय. पण ड्रिल माझं."

मार्लिसनं डोळे मिटले. आपल्यामागे याला कोण, या धास्तीनं तिला प्रत्येक दाराला कुलूप घालायचं होतं. त्यातल्या एका दाराची किल्ली त्यानं आपण होऊन तिच्या हाती दिली होती.

"दुसरं राहू दे," ती वकीलबाईंना म्हणाली.

जजनं सोरेनलाही हे चालेल का ते विचारलं, आणि मार्लिस गार्डियन झाली. फक्त गार्डियन.

परतताना सोरेननं तिला कॉफी पाजली. गल्ल्यावरच्या मुलीला मोठी नोट देऊन म्हणाला, "उरलेले ठेव तुला." मार्लिसनं ते पाहिलं आणि आपला कप उचलला.

गाडीत बसल्यावर तिनं एवढंच विचारलं, "दुपारची गोळी?"

"मला काय विचारतेस? गार्डियन तू आहेस," सोरेन म्हणाला आणि हात पुढे केला.