मिठाचा अंदाज

दुपारी कार्यालयात एखादी फाइल उघडली की पानांना सांबाराचा वास येतो. कोथिंबिरीला आमच्याकडे सांबार म्हणतात. वास अर्थातच कागदांचा नसतो, माझ्या बोटांचा असतो. सकाळी निवडून देठांसकट वाटलेल्या जुडीचा तो हिरवा, किंचित मातकट गंध साबणाला दाद न देता नखांच्या कडांशी दडून बसतो आणि खिडकीतलं ऊन टेबलाच्या निम्म्यापर्यंत सरकलं की हळूच वर येतो. त्यात लसूण असतो, पुदिना असतो, आणि या सगळ्यांच्या तळाशी आदल्या संध्याकाळी शिजवलेल्या कोंबडीचाही वास असतो, निदान मला तरी तो येतो. छप्पन्न वर्षांत जिने अंड्यालासुद्धा तोंड लावलं नाही, त्या बाईच्या हातांना हा वास यावा याचं पहिले काही दिवस मला नवल वाटलं. हल्ली वाटत नाही. नवल वाटायलाही अंगात थोडी ताकद लागते, आणि हल्ली मी फार थकते.

माझे वडील माळकरी. आमच्या यवतमाळच्या घरात चातुर्मासात कांदा-लसूणही उंबऱ्याबाहेर राहायचा. लग्न होऊन दिग्रसला आले, तर इथे दर रविवारी कोंबडी. पहिल्याच आठवड्यात यांनी आपणहून त्यावर तोड काढली. मागच्या अंगणात कढीलिंबाच्या झाडाखाली तीन विटांची चूल मांडली, न्हाणीघराच्या बाहेरच्या भिंतीत खिळे ठोकले आणि त्यांवर एक ॲल्युमिनियमचा गंज, म्हणजे पातेलं, एक पळी आणि एक ताट टांगून ठेवलं. त्या भांड्यांनी पुढे तीस वर्षं घराचा उंबरा ओलांडला नाही. शिजवणारे हेच, राखेने गंज घासणारेही हेच. मी त्यासाठी कधी तोंड उघडलं नव्हतं. जेवण झाल्यावर स्वच्छ आंघोळ करून, ओल्या केसांनी हे घरात यायचे तेव्हा मला उगाचच अपराधी वाटायचं, आणि खरं सांगायचं तर थोडा अभिमानही वाटायचा.

हे सरकी काढणाऱ्या जिनिंगमध्ये कापसाची प्रत पाहायचे. चिमूटभर रुई दोन्ही अंगठ्यांत धरून हलकेच ओढायची आणि धाग्याची लांबी सांगायची, यात यांचा हात धरणारं कोणी नव्हतं. ज्याची पारख बोटांत असते त्याला दुसऱ्याच्या पारखीचीही कदर असते. रविवारी दहा-साडेदहाला ऊन अंगणात उतरलेलं असायचं, चुलीवर काळा मसाला परतला जायचा, आणि हे स्वयंपाकघराच्या खिडकीकडे तोंड करून विचारायचे, "वास कसा येऊन राह्यला वं?" मी वरणाला फोडणी देता देता आतूनच सांगायची, खोबरं जास्त भाजलंत, किंवा आलं कमी आहे, किंवा आता पाणी घाला, मसाला तळाला लागतोय. "तुह्या नाकाले मानलं," हे म्हणायचे आणि खरोखरच पाणी घालायचे. तो लालभडक तर्रीचा रस्सा मी कधी चाखला नाही, पण मधल्या भिंतीला असलेल्या एका खिडकीतून तो आम्ही दोघांनी मिळूनच शिजवला, असं मला आता वाटतं.

मग गेल्या श्रावणात यांच्या गालाच्या आत गाठ निघाली. जिनिंगच्या फाटकापाशी मिळणारा, सुपारी-तंबाखू-चुना घोटून केलेला खर्रा त्याच गालात पंचवीस वर्षं मुक्कामाला होता. मी सांगून थकले होते आणि हे ऐकून. नागपूरला शस्त्रक्रिया झाली, पुढे दिवाळीपर्यंत किरणांचा शेक चालला. शेकाने गाठीचं मूळ जाळलं आणि त्यासोबत जिभेवरची चवही नेली. गिळता येईना, म्हणून नाकातून नळी घातली. महिनाभर त्या नळीतून पातळ पेज जाताना हे भिंतीकडे तोंड करून बसायचे. माझ्याकडे एकदाही पाहिलं नाही. नळी निघाली त्या दिवशी डॉक्टरांनी बजावलं, की वजन आणखी उतरलं तर ती पुन्हा घालावी लागेल. परतीच्या बसमध्ये यांनी माझा हात धरला आणि फार हळू आवाजात म्हणाले, "ते नळी पुन्हा नको वं." तीस वर्षांत या माणसाने माझ्याकडे काही मागितलं असेल, तर ते हे.

दवाखान्यात आहार सांगणाऱ्या मुलीने एक छापील कागद दिला होता. "काकू, चिकन मऊ शिजवायचं, हर्ब्ज घालायच्या, तिखट मात्र अजिबात नको," असं म्हणत तिने पानांच्या नावांखाली पेनाने रेघा मारल्या. त्यातली निम्मी पानं दिग्रसच्या बाजाराने जन्मात पाहिलेली नाहीत. एकापुढे 'तुळशीसारखे पान' असं लिहिलं होतं, पण कोंबडीत तुळस घालायची नाही, एवढं मी बसमध्येच ठरवून टाकलं. उरलेल्यांच्या जागी आमचा सांबार, पुदिना, लसणाची पात, कुंडीतली ओव्याची पानं आणि मागचा कढीलिंब आला.

मार्गशीर्षातल्या त्या पहिल्या संध्याकाळी कोंबडी आणायला मी स्वतः गेले. कापसाचे ट्रॅक्टर जिनिंगकडे चालले होते, रस्त्याकडेच्या बाभळींना रुईचे पुंजके अडकले होते, आणि मी पदर नाकाशी धरून दुकानापुढे उभी होते. दुकानदाराने मला ओळखलं. "ताई, साहेब लय दिवसांत दिसले नाही?" मी पिशवी पुढे केली. त्याने न विचारता हाडं काढून बारीक तुकडे केले. गावात सगळ्यांना सगळं ठाऊक असतं.

अंगणात चूल पेटवली. हे खुर्चीत शाल गुंडाळून बसले आणि जड झालेल्या जिभेने सांगत गेले, "आधी लसूण टाक... आता पानं... रंग बदलला का पाणी टाकजो." मी डोळे अर्धे मिटून ढवळत होते. पण वाफ वर आली आणि मला माझं नाक सापडलं. पुदिना जास्त झाला होता, ओवा नेमका होता, लसूण अजून कच्चा होता, हे सगळं मला रविवारच्या खिडकीतून कळायचं तसंच कळत होतं. कळलं नाही ते एकच. मिठाला वास नसतो.

मी यांच्याकडे पाहिलं. यांनी पळीभर रस्सा ओठांशी नेला, तोंडात घोळवला आणि मान हलवली. "मले काहीच समजत नाही. कापूस चावल्यावाणी लागते." म्हणजे चूल पेटलेली, गंजात कोंबडी रटरटतेय, आणि जिला जीभ आहे ती खात नाही, जो खातो त्याला चव नाही. शेवटी वरणात घालते त्या अंदाजाने मी मीठ घातलं. "कसं झालं?" मी विचारलं. "मस्त," हे म्हणाले.

त्यानंतर एक दिवसाआड तीच संध्याकाळ. कचेरीतून यायचं, पिशवी ठेवायची, चूल पेटवायची. ओल्या काटक्या फुंकता फुंकता एकदा डोळ्यांपुढे अंधारी आली आणि मी गंज उचलून सरळ घरातल्या गॅसवर ठेवला. तीस वर्षं पाळलेली सीमा अशी गेली. ना मी मनाशी काही वाद घातला, ना देवघरापुढे उभी राहिले. वडिलांची आठवण आली, पण तीही दुसऱ्या दिवशी, कचेरीत. हे मात्र दारात उभे राहून गंजाकडे बघत होते. "बाहेरच ठेवला असता," एवढंच म्हणाले आणि आत जाऊन बसले.

दर रविवारी वजनकाट्यावर उभं राहायचं. काटा कधी पाव किलोने वर, कधी तेवढाच खाली. मी दर वेळी विचारायची, कसं झालं, आणि हे दर वेळी म्हणायचे, मस्त. हे मला बरं वाटावं म्हणून म्हणतात हे मला कळत होतं, आणि मला ते कळतं हे यांनाही कळत होतं. अशा मस्तपणाने माणूस आतून झिजतो. माघातल्या एका संध्याकाळी माझा बांध फुटला. "रोज रोज मस्त कसं होईल हो? एखाद्या दिवशी बिघडलं म्हणा न! मी भिंतीसाठी सैपाक करून राह्यली का?" हे वाडग्यात पाहत राहिले. मग उरलेला रस्सा औषधासारखा एका दमात पिऊन टाकला. मला स्वतःची लाज वाटली.

फाल्गुन लागला. गावाबाहेर पळस फुलला होता म्हणे. मी पाहिला नाही, कारण मार्च अखेरच्या धावपळीत मान वर करायला सवड नव्हती. त्या दिवशी साडेसहाला घरी आले तेव्हा पाय सुजले होते आणि डोक्यात कचेरीतलेच आवाज चालू होते. सांबार, पुदिना, लसूण, कोंबडी, पाणी. हात आपापलं काम करत होते. पश्चिमेच्या खिडकीतून येणारं तांबूस ऊन गंजाच्या काठावर थोडा वेळ थांबलं आणि गेलं. मी वाडगा यांच्यापुढे ठेवला आणि त्या दिवशी पहिल्यांदाच, कसं झालं, असं विचारलं नाही.

यांनी एक चमचा तोंडात घेतला आणि थांबले. भुवया जवळ आल्या. चमचा वाडग्यात परत ठेवला.

"खारट झालं वं आज."

माझा असा संताप झाला. "चार महिने मस्त होतं, अन् आजच खारट झालं? दिवसभर खुर्चीत वाकून आली, पाय पाहा माझे! उद्यापासून तुमचं तुम्ही करा!" असं आणि आणखी बरंच काही मी बोलले. सगळं इथे लिहायचं नाही. मग मागच्या दारात पायरीवर जाऊन बसले. खिळ्यावर आता नुसतं ताट उरलं होतं. कढीलिंबाला नवी पालवी फुटली होती आणि तिच्या कडवट-हिरव्या वासात मी रागाने श्वास घेत होते. तीन-चार श्वास झाले असतील. मग माझ्या लक्षात आलं, हे काय म्हणाले ते.

मी उठले. पण उठता उठताच मला ती माघातली संध्याकाळ आठवली. एखाद्या दिवशी बिघडलं म्हणा न, असं मीच म्हणाले होते. या माणसाने माझ्या एका न बोललेल्या शब्दाखातर तीस वर्षं अंगणात भांडी टांगली होती. बोललेल्या शब्दाखातर तो खारट म्हणायला कमी करणार होता का? जीभ परत आली होती, की हे माझं मन राखत होते? विचारून उपयोग नव्हता. माझ्या नाकालाही इथे काही कळणार नव्हतं. आणि मला कळल्याशिवाय राहवणार नव्हतं.

हे तसेच बसले होते, अपराधी चेहऱ्याने, चमच्याला हात न लावता. मी समोर बसले, वाडगा ओढून घेतला, चमचाभर हिरवट रस्सा उचलला. "काय करून राह्यली तू?" हे घाबरून म्हणाले आणि माझा हात धरायला पुढे झाले, पण तोवर मी तो तोंडात घेतला होता.

खारट होता. जिभेला चुरचुरेल इतका खारट. मीठ मी दोनदा घातलं होतं.

तो मी गिळला. डोळ्यांना पाणी आलं ते त्या खारटपणाचं म्हणून मी खपवलं असतं, पण यांनी ते खपवून घेतलं नसतं. "खारटच आहे," मी म्हणाले, "अगदी खारट आहे." आणि मी हसले असावे, कारण हे माझ्याकडे बावचळल्यासारखे पाहू लागले. मग त्यांच्याही लक्षात आलं. त्यांनी जीभ टाळूला लावून पाहिली, पुन्हा एकदा लावून पाहिली, अंगठ्यांत रुई ओढून पाहावी तशा सावकाशीने.

उद्या सकाळी ही चव असेल का, गोड कळेल का, काटा वर जाईल का, यातलं मला काहीच ठाऊक नव्हतं. मी गंजात पेलाभर पाणी घातलं, उरलेला सांबार चुरडून टाकला, एक उकळी आणली आणि नवा वाडगा पुढे ठेवला. यांनी चमचा तोंडात घेतला, डोळे मिटले, नीट विचार केला.

"आता सांबार जास्त झाला," हे म्हणाले.

मला राग आला. धडधाकट नवऱ्यावर येतो तसा, चांगला मोकळा राग.