ताईची नातेपुत्याची कबुतरं

परवा भाची घरी आली होती. पक्ष्यांच्या जीनोमवर काम करते ती. बोलता बोलता म्हणाली, मामा, पक्ष्यांना पृथ्वीचं चुंबकत्व कळतं ते कोणत्या जीन्समुळे, हे आम्ही शोधतोय... माझा चहा तसाच राहिला.

कारण सत्तरच्या दशकात तिच्या आईला, म्हणजे माझ्या ताईला, हाच प्रश्न पडला होता. आमच्या सोलापूरच्या घराच्या गच्चीवर.

ताई बी.एस्सी.ला होती. परदेशात कबुतरांना चुंबक बांधून सोडतात, वाट चुकते का बघतात, असं सरांनी वर्गात सांगितलं आणि हिच्या डोक्यात किडा वळवळायला लागला. ही दिशेची जाण पिल्लू थोरांकडून शिकतं, की जन्मतःच घेऊन येतं?

शेजारचे अंबादासकाका मागावर चादरी विणायचे. त्यांची कबुतरं पार शंभरेक किलोमीटरवरच्या नातेपुत्याहून सोडली तरी घरी यायची. ताईनं त्यांच्याकडून अंडी आणून आमच्या साध्या, कधी गल्लीबाहेर न गेलेल्या जोडीखाली ठेवली. दोन पिल्लं निघाली. मोठी झाली की नातेपुत्याला नेऊन दोघांनाच सोडायची, सोबत जाणतं कबूतर नको. तरी आली, तर उत्तर मिळालं...

तेवढ्यात तिचं लग्न ठरलं. घाईगर्दीत पिल्लं सांभाळायला काकांकडे दिली.

हळदीच्या दिवशी काका पिंजरा घेऊन आले. चेहरा नुसता फुललेला.

"काय काळजी करू नको पोरी. नातेपुत्याला मीच नेली. चुकू नयेत म्हणून माझ्या जुन्या पाखरांसंगं सोडली. आली की दोन्ही."

जुन्या कबुतरांमागून आली म्हटल्यावर त्यांना स्वतःला वाट कळत होती की नाही, हे आता कसं समजणार? आणि एकदा वाट पाहून झाल्यावर पुन्हा एकटी सोडूनही उपयोग नव्हता. पण काकांच्या दृष्टीनं तो लग्नाचा आहेर होता. "लई उपकार झाले काका," म्हणाली आणि वाकून नमस्कार केला.

मग आतल्या खोलीत जाऊन खूप रडली. सासरी जायचं म्हणून रडतेय, असं वाटून बायका तिची समजूत काढत बसल्या. पुढे तिनं तो विषय कधीच काढला नाही.

हे ऐकून भाची म्हणाली, "आई तर मला बँकेच्या परीक्षा दे म्हणून मागे लागायची. हे कधी सांगितलंच नाही."

ताई जाऊन आता बरीच वर्षं झाली. कबुतरांचं जे झालं त्यात कुणाचीच चूक नव्हती, काकांची तर नव्हतीच... म्हणून रागवायलाही कुणी सापडत नाही.